सन्मानधन दिले, दप्तर केव्हा देणार?

मंचरहून भीमाशंकरकडे निघालेल्या यात्रेकरूची गाडी घोडेगाव सोडते, शिनोलीवरून पुढे जाते आणि थोड्याच वेळात डिंभे धरणाचे पाणी दिसू लागते. घोड नदीवरील या जलाशयास हुतात्मा बाबू गेनू यांचे नाव दिलेले आहे. बाबू गेनू हे याच आंबेगाव तालुक्यातील महाळुंगे पडवळचे. मुंबईच्या गिरणीत राबणारा हा तरुण १२ डिसेंबर १९३० रोजी काळबादेवीच्या रस्त्यावर परदेशी कापडाची मालमोटार अडविण्यास उभा राहिला आणि तिच्याखाली चिरडला गेला. सरकार पक्षाने त्यास अपघात म्हटले, लोकांनी हौतात्म्य म्हटले. आणि कोणाचा शब्द टिकला हे धरणाच्या पाण्याला विचारावे. कायदेभंगाच्या त्या काळात मुंबई सरकारच्या गृहखात्याची गोपनीय शाखा जे कागद रंगवीत होती, ते आज राज्याच्या पुराभिलेखागारात अभ्यासकांपुढे ठेवले जातात. शिनोलीच्या एखाद्या विद्यार्थ्याने मनात आणले तर मुंबईस जाऊन तो ते वाचू शकेल. परंतु त्याच विद्यार्थ्याने पुढे विचारले की, "१९७५ साली माझ्या आजोबांना पोलिसांनी कशासाठी नेले होते, तेवढा कागद दाखवा," तर त्यास काय उत्तर मिळेल? परक्या सरकारचे गुपित आम्ही उघडे केले आणि स्वकीय सरकारचे गुपित मात्र कुलुपात ठेवले, ही विसंगती आता तरी विचारात घेतली पाहिजे.

आणीबाणीला पन्नास वर्षे होऊन गेली. २५ जून १९७५ च्या रात्री ती पुकारण्यात आली आणि २१ मार्च १९७७ रोजी उठली. या एकवीस महिन्यांत देशभर ३४,९८८ माणसे 'मिसा' कायद्याखाली स्थानबद्ध झाली आणि ७५,८१८ माणसे भारत संरक्षण नियमांखाली पकडली गेली, असा हिशेब शहा आयोगाने दिला. पुणेकरांना हा इतिहास पुस्तकातून शिकण्याची गरज नाही. येरवड्याच्या भिंतीआड संघाचे सरसंघचालक बाळासाहेब देवरस होते, तशाच समाजवादी प्रमिला दंडवतेही होत्या. प्रमिलाबाई येरवड्यात आणि मधु दंडवते बंगळूरच्या तुरुंगात. पतिपत्नींची पत्रेसुद्धा तपासनिसाच्या नजरेखालून जावयाची. डिसेंबर १९७५ मध्ये कऱ्हाडच्या साहित्य संमेलनात अध्यक्षपदावरून निर्भयपणे बोलणाऱ्या दुर्गाबाई भागवतांनाही पुढच्या वर्षी तुरुंग दाखविण्यात आला. ही झाली नामवंतांची गोष्ट. त्यांचे चरित्र कोणी ना कोणी लिहितेच. आमच्या डोळ्यांपुढे आहेत ते तालुक्याच्या गावचे शिक्षक, दुकानदार, छोटे वकील, संघटनेचे कार्यकर्ते, ज्यांची नोंद पोलिसांच्या दप्तराखेरीज दुसरीकडे कोठेही झालेली नाही.

या माणसांच्या अटकेत एक विलक्षण गोष्ट होती, तिची आठवण आज फारशी कोणास उरलेली नाही. साध्या चोरालाही त्याच्यावरील आरोप सांगावा लागतो. परंतु २९ जून १९७५ च्या वटहुकुमाने 'मिसा'खालील स्थानबद्धास अटकेची कारणे कळविण्याचे बंधन सरकारने काढून टाकले. तेवढ्याने समाधान झाले नाही म्हणून १९७६ मध्ये आणखी दुरुस्ती करून ही कारणे राज्यकारभाराची गुपिते मानावी आणि ती उघड करणे सार्वजनिक हितास बाधक समजावे, असे ठरविण्यात आले. म्हणजे ज्याला धरला त्याला कारण नाही, त्याच्या वकिलाला नाही आणि न्यायमूर्तींनाही नाही! नऊ उच्च न्यायालयांनी स्थानबद्धांच्या अर्जांचा विचार करण्याचा आपला अधिकार राखला होता. परंतु २८ एप्रिल १९७६ रोजी जबलपूर खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक अशा मताने तोही दरवाजा लावून घेतला. न्यायमूर्ती हंसराज खन्ना तेवढे विरोधात उभे राहिले. पुढे १९७८ मध्ये 'मिसा' कायदा रद्द झाला. २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्वतःच जबलपूरचा निकाल मोडीत काढला. कायदा गेला, निकालही गेला. परंतु त्या दोहोंनी झाकून ठेवलेला कागद मात्र अद्याप झाकलेलाच आहे. सापाची कात टाकून झाली, पण वारुळ कोणी उकरले नाही.

महाराष्ट्र सरकारने या माणसांसाठी काहीच केले नाही, असे म्हणणे अन्यायाचे होईल. २०१८ मध्ये आणीबाणीतील बंदिवानांना मासिक मानधन देण्याची योजना निघाली. २०२० मध्ये दुसऱ्या सरकारने ती बंद केली. २०२२ मध्ये तिसऱ्या सरकारने पुन्हा सुरू केली. २०२५ मध्ये रक्कम दुप्पट करण्यात आली. केंद्र सरकारने २५ जून हा दिवस 'संविधान हत्या दिन' म्हणून पाळण्याचे २०२४ मध्ये जाहीर केले. वृद्धापकाळी हाती चार पैसे पडले तर त्यात वाईट काहीच नाही, आणि ते घेणाऱ्यांविषयी आम्हांस यत्किंचितही उणे बोलावयाचे नाही. परंतु ज्या सन्मानाची दोरी मंत्रालयाच्या खिडकीतून ओढता आणि सोडता येते, तो सन्मान कितपत टिकाऊ? एका सरकारने दिला, दुसऱ्याने काढला, तिसऱ्याने परत दिला. याउलट, "अमुक गृहस्थास अमुक तारखेस धरण्यात आले, त्यासाठी दिलेले कारण हे होते आणि ते खोटे होते," एवढा कागद एकदा हाती पडला की तो कोणत्याही मंत्रिमंडळाला परत घेता येत नाही. शिवाय गंमत अशी की, मानधनासाठी बंदिवासाचा पुरावा नागरिकाने सरकारला द्यावयाचा. बंदिवासाचे कारण मात्र सरकारने नागरिकाला द्यावयाचे नाही!

गोपनीय दप्तर उघडणे ही आपल्याकडे अपूर्व गोष्ट आहे, असा समज कोणी करून घेऊ नये. स्वातंत्र्य मिळून जेमतेम दहा वर्षे झाली होती तेव्हा, १९५७ मध्ये, त्या वेळच्या मुंबई सरकारने स्वातंत्र्य-चळवळीच्या इतिहासाच्या साधनांचा पहिला खंड आणि पुढच्याच वर्षी दुसरा खंड प्रसिद्ध केला. वासुदेव बळवंतांच्या बंडाविषयीचे सरकारी कागद, लोकमान्यांच्या सभा, गणेशोत्सवातील मेळे, यांवर पाळत ठेवणाऱ्यांनी साहेबाला धाडलेले अहवाल त्यांत छापले गेले. लोकमान्यांच्या सभेत मागच्या रांगेत बसून टिपणे घेणाऱ्या हेराने आपण पुढच्या पिढ्यांसाठी इतिहास लिहीत आहो, अशी कल्पनाही केली नसेल. त्या खंडांमुळे राज्य बुडाले नाही, पोलीस खाते दुबळे झाले नाही, की कोणाच्या घरावर मोर्चा गेला नाही. उलट महाराष्ट्राच्या इतिहासाला भक्कम पाया मिळाला. मग जे दहा वर्षांत करता आले, ते पन्नास वर्षांत का होऊ नये?

याचे उत्तर उघड आहे. इंग्रज निघून गेले होते. त्यांच्या दप्तरात लाज वाटावयाची ती त्यांना वाटावयाची होती. आणीबाणीच्या दप्तरात लाज आहे ती आपल्याच माणसांची. त्यात सही करणारा जिल्हाधिकारी आपला, अहवाल लिहिणारा अंमलदार आपला आणि वर्दी देणारा शेजारीही आपलाच. म्हणूनच या प्रश्नाची तुलना इंग्रजी अमदानीशी न करता, स्वकीयांच्याच हुकूमशाहीतून बाहेर पडलेल्या देशांशी केली पाहिजे. असे एक उदाहरण मराठी माणसाच्या अगदी परिचयाचे आहे. ते पोर्तुगालचे.

गोवामुक्तीच्या लढ्यात पुण्याचा वाटा किती होता हे सांगावयास नको. गोवा विमोचन सहायक समितीने येथूनच सत्याग्रहींच्या तुकड्या धाडल्या होत्या. पोर्तुगीज सत्तेने गोव्याच्या देशभक्तांना केवळ आग्वादच्या किल्ल्यात कोंडले नाही; त्रिस्तांव ब्रागांझ कुन्य यांना १९४६ मध्ये थेट पोर्तुगालमधील पेनीशच्या किल्ल्यात नेले. सांगलीचे मोहन रानडे १९५५ मध्ये बेतीच्या पोलीस ठाण्यावरील हल्ल्यात जखमी होऊन पकडले गेले. त्यांनाही पुढे पोर्तुगालला हलविण्यात आले. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला तरी ते काशियशच्या तुरुंगातच होते. त्यांची सुटका १९६९ च्या जानेवारीत झाली. ज्या सालाझारशाहीने त्यांना कोंडले तिने आपल्याच पोर्तुगीज प्रजेलाही सोडले नव्हते. 'पीद' नावाची तिची गुप्त पोलीस यंत्रणा घराघरांत कान लावून बसलेली असे. २५ एप्रिल १९७४ रोजी ती राजवट कोसळली, तेव्हा जवळजवळ रक्तहीन अशा त्या क्रांतीत चार नागरिक मेले ते या पीदच्या कचेरीतून झालेल्या गोळीबाराने. यानंतर त्या देशाने काय केले? कागद जाळले नाहीत. ते ताब्यात घेतले, पुढे लिस्बनच्या तोर्रे दो तोंबो या राष्ट्रीय दप्तरखान्यात ठेवले आणि राजवट पडल्यावर वीस वर्षांनी, १९९४ मध्ये, जनतेस खुले केले. वीस वर्षे हा काळ थोडा नव्हे. परंतु तो पन्नासापेक्षा पुष्कळच कमी आहे.

जर्मनीने तर याहून त्वरा केली. पूर्व जर्मनीतील 'श्टाझी' या गुप्त पोलीस खात्याने कागद फाडण्यास सुरुवात केली आहे हे कळताच लोकांनी गावोगावच्या कचेऱ्या ताब्यात घेतल्या आणि १५ जानेवारी १९९० रोजी बर्लिनच्या मुख्य कचेरीत ते शिरले. मागे राहिलेल्या फायली ओळीने उभ्या केल्या तर सुमारे १११ किलोमीटर भरतील, म्हणजे पुण्यापासून भीमाशंकराच्या देवळापर्यंत पोहोचतील, एवढा तो पसारा. दोन वर्षांच्या आत कायदा झाला आणि २ जानेवारी १९९२ पासून प्रत्येक नागरिकास स्वतःची फाईल पाहण्याचा अधिकार मिळाला. त्या फायलींतून दुःखे निघाली नाहीत असे नाही. व्हेरा वोलेनबर्गर या लोकशाहीवादी कार्यकर्त्या बाईंना आपल्यावर पाळत ठेवणारा हेर आपला नवराच होता, हे कळले. असे सत्य पचविणे सोपे नव्हे. परंतु ज्या सूडसत्राची भीती घातली जात होती, ते काही घडले नाही. लोक कचेरीत आले, आपापले बाड वाचले, रडले आणि घरी गेले.

आता आक्षेपांचा विचार करू. कारण ते सगळेच पोकळ नाहीत. पहिला आक्षेप राष्ट्राच्या सुरक्षिततेचा. १९७५ साली एखाद्या शिक्षकाने कोणत्या सभेत भाषण केले, हे आज उघड झाल्याने सीमेवर कोणते संकट येणार आहे? नेताजींच्या फायलींसंबंधी हाच बागुलबुवा कित्येक दशके दाखविला गेला. सप्टेंबर २०१५ मध्ये पश्चिम बंगाल सरकारने चौसष्ट फायली खुल्या केल्या आणि २३ जानेवारी २०१६ रोजी केंद्राने शंभर. राज्य जागच्या जागी राहिले. नेताजींच्या कुटुंबावर स्वतंत्र भारताच्या गुप्तचरांनी वीस वर्षे पाळत ठेवली होती, हे तेवढे जगाला कळले. आणि ते कळावयासच हवे होते.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. गोपनीय फाईल म्हणजे सत्याचे गाठोडे नव्हे. तिच्यात ऐकीव गप्पा असतात, भाऊबंदकीचे हिशेब असतात, वरिष्ठांना खूष करण्यासाठी घातलेला मीठमसाला असतो. शहा आयोगापुढे तर आधी अटक आणि मागाहून कारणे, असे प्रकार आले होते. अशी फाईल जशीच्या तशी रस्त्यावर टाकली तर ज्याची बदनामी पोलिसांनी एकदा केली, त्याचीच आपण दुसऱ्यांदा करू. हे आम्हांस मान्य आहे. परंतु यावरून निष्कर्ष निघतो तो फाईल बंद ठेवण्याचा नव्हे. तर ती प्रथम त्याच माणसाच्या हाती देण्याचा. खोटे खोडून काढू शकेल असा तोच एक साक्षीदार आहे, आणि तो आता म्हातारा झाला आहे.

तिसरा आक्षेप वर्दी देणाऱ्यांचा. खेड्यात सगळे सगळ्यांना ओळखतात. पन्नास वर्षांपूर्वी कोणी कोणाची चुगली केली, हे आज उघड झाले तर नातवंडांनी एकमेकांचे तोंड पाहू नये काय? ही भीती खरी आहे. येथे एक भेद केला पाहिजे. ज्याने पगार घेऊन, पदाच्या अधिकाराने, खोट्या कारणाखाली सही केली, त्याचे नाव झाकण्याचे कारण नाही. सरकारी सही ही खाजगी गोष्ट नव्हे. परंतु ठाण्यात बोलावून दमदाटी केल्यामुळे ज्याने दोन शब्द सांगितले, त्या सामान्य माणसाचे नाव जगजाहीर करण्यात न्याय नाही. अशी नावे प्रसिद्ध होणाऱ्या प्रतीत झाकावी; स्थानबद्धास स्वतःला ती कळावी की नाही, हे ठरविण्याचे काम निःपक्षपाती अधिकाऱ्याकडे असावे.

चौथी भीती कोणी उघड बोलत नाही. परंतु आमच्या मते तीच सर्वांत मोठी आहे. दप्तर उघडण्याचा अधिकार मंत्र्यांच्या हाती राहिला तर सोयीची फाईल बाहेर येईल आणि गैरसोयीची कपाटातच राहील. निवडणुकीच्या तोंडावर विरोधकाच्या नावाचा एखादा जुना अहवाल वर्तमानपत्रांना पुरविण्यात येईल. असे निवडक उघडणे हे बंद ठेवण्यापेक्षाही वाईट. कारण त्यात गुप्त पोलिसांचे काम लोकशाही सरकार पुढे चालविते. म्हणून दप्तर उघडावयाचे तर ते कृपेने नव्हे, नियमाने उघडले पाहिजे; एकाचे नव्हे, सर्वांचे.

आजचा कायदा या बाबतीत काय म्हणतो तेही पाहावे. माहितीच्या अधिकाराचा २००५ चा कायदा वीस वर्षांहून जुन्या घटनांची माहिती, काही अपवाद सोडून, देण्यास सांगतो. परंतु त्याच कायद्याच्या २४ व्या कलमाने केंद्राच्या गुप्तचर संस्थांना वगळले आहे आणि राज्यांनाही आपापल्या संस्था वगळण्याची मुभा दिली आहे. मात्र त्याच कलमात मानवी हक्कांच्या भंगाच्या आरोपाचा अपवाद आहे. विनाचौकशी, विनाकारण, एकवीस महिन्यांपर्यंतचा बंदिवास हा मानवी हक्कांचा भंग नसेल तर तो शब्द कोशातून काढून टाकावा हे बरे! तेव्हा सरकारची इच्छा असेल तर आजही मार्ग आहे. आणि इच्छा नसेल तर दहा कायदे करूनही तो सापडणार नाही.

आमची मागणी मोजकी आहे. पहिली गोष्ट, आणीबाणीच्या काळातील एकही कागद यापुढे नष्ट होता कामा नये. १९९३ च्या सार्वजनिक अभिलेख कायद्याने केंद्राचे कागद बेकायदा नष्ट करणाऱ्यास पाच वर्षांपर्यंत कैदेची शिक्षा सांगितली आहे. महाराष्ट्रानेही २००५ मध्ये आपला कायदा केला आहे. त्यांची अंमलबजावणी व्हावी. दुसरी, पोलीस ठाणी, जिल्हाधिकारी कचेऱ्या, तुरुंग आणि गुप्तवार्ता विभाग यांच्याकडे काय शिल्लक आहे, याची यादी उच्च न्यायालयाच्या निवृत्त न्यायमूर्तींच्या देखरेखीखाली करून ती प्रसिद्ध करावी. तिसरी, प्रत्येक स्थानबद्धास, तो हयात नसल्यास त्याच्या वारसास, अर्ज करताच फाईलची नक्कल विनामूल्य मिळावी आणि त्याचे उत्तर त्या फाईललाच कायमचे जोडले जावे. चौथी, हे झाल्यावर ठरावीक मुदतीनंतर सर्व दप्तर पुराभिलेखागारात जावे आणि अभ्यासकांना खुले व्हावे. पाचवी, गोव्याच्या लढ्यात ज्यांना पोर्तुगालच्या तुरुंगांत ठेवण्यात आले, त्यांच्यासंबंधीच्या कागदांच्या नकला गोवा व महाराष्ट्र सरकारांनी लिस्बनहून मागवाव्या. परक्या देशाने उघडे ठेवलेले दार आपण ठोठावूही नये, हे शोभत नाही.

कागद जपला नाही तर काय होते, याचा अनुभव आपण घेतलेला आहे. शहा आयोगाने १९७८ मध्ये तीन भागांत आपला अहवाल दिला. १९८० मध्ये सत्तांतर झाले आणि त्या अहवालाच्या प्रती दिसेनाशा झाल्या. माजी खासदार एरा सेझियन यांनी स्वतःजवळची प्रत जपून ठेवली होती, म्हणून २०१० मध्ये तो पुन्हा छापला जाऊ शकला. एका म्हाताऱ्या गृहस्थाच्या कपाटावर राष्ट्राची आठवण अवलंबून राहावी, ही काही अभिमानाची गोष्ट नव्हे. आणि त्यानंतर, ज्यांनी स्वतः तो तुरुंग भोगला त्यांच्या पक्षांची सरकारे दिल्लीत आली, मुंबईतही आली. त्यांनी आणीबाणीचा निषेध दरवर्षी केला. परंतु आणीबाणीचे कपाट त्यांनीही उघडले नाही. कारण खुर्चीवर बसल्यावर कपाटाची किल्ली प्रत्येकालाच उपयोगी वाटू लागते. जो आज जुने कपाट उघडील, त्याचेही कपाट उद्या कोणीतरी उघडील, ही जाणीव राज्यकर्त्यांस अडविते. नेमक्या याच कारणासाठी ते उघडले पाहिजे. आपण आज लिहितो तो शेरा उद्या ज्याच्याविषयी लिहिला तोच वाचणार आहे, हे ज्या अधिकाऱ्याला ठाऊक असते, तो खोटे लिहिताना दोनदा विचार करतो.

विलंबाला मात्र आता वाव नाही. १९७५ साली जो पंचवीस वर्षांचा होता त्याने पंचाहत्तरी ओलांडली आहे. दरसाल सन्मानधनाच्या यादीतून काही नावे कमी होतात; आणि नाव कमी झाले की, "हे खोटे आहे, मी असे बोललोच नव्हतो," असे सांगणारा आवाजही कायमचा बंद होतो. मागे उरतो तो केवळ पोलिसांचा कागद. बाबू गेनूंच्या बाबतीत सरकारी शब्दाला लोकांनी उत्तर दिले, कारण हजारो डोळ्यांनी ते मरण पाहिले होते. मध्यरात्री दारावर थाप पडून जो शिक्षक नेला गेला, त्याला साक्षीदार कोण? त्याची बाजू मांडावयास तो एकटाच उरला आहे. तो आहे तोवरच त्याचे दप्तर त्याच्या हाती द्या.